माआ तिनितो नेमकं कुणाचं

शेजारच्या गावाने चौकात सिमेंटचा मासा उभा केला, तिथून हे सगळं सुरू झालं. मासा माणसापेक्षा उंच आणि त्याच्या पोटावर निळ्या अक्षरांत लिहिलेलं, 'कच्च्या माशाची राजधानी'. आता लिंबू पिळून नारळाच्या दुधात घातलेला कच्चा मासा ताहितीतलं प्रत्येक घर खातं. पण राजधानी व्हायला पदार्थ लागत नाही, पाटी लागते, हे त्यांना आमच्याआधी सुचलं. आमच्याकडे मेयरला तावाना म्हणतात. आमचे तावाना पुनुआ यांना शहरात, पापीतेला, जाता-येता त्या माशाला रोज वळसा घालावा लागे. तीन महिने वळसे घातल्यावर त्यांनी मला आत बोलावलं आणि म्हणाले, "वाइमिती, आपल्यालाही एक पदार्थ पाहिजे."

मी नगरपालिकेत कारकून आहे. जन्म, मृत्यू, मोकाट कुत्री आणि कुणाचा नारळ कुणाच्या पत्र्यावर पडला याची भांडणं, एवढं माझं खातं. पदार्थ कुठल्याच खात्यात बसत नव्हता, म्हणून तो माझ्या टेबलावर आला.

तावानांनी तो आधीच निवडून ठेवला होता. माआ तिनितो. माआ म्हणजे जेवण आणि तिनितो म्हणजे चिनी. लाल राजमा, डुकराचं मांस, कोबी, मॅकरोनी आणि वरून सोया सॉस, हे सगळं एका पातेल्यात. सगळ्या बेटावर होतं, पण तावानांचं म्हणणं असं की या किनाऱ्यावरचं सगळ्यात जुनं चिनी दुकान आमच्या गावात आहे, तेव्हा त्याचा मान आमचा. हे बोलताना ते खिडकीतून त्या दुकानाकडे बघत होते. दुकान माझ्या घरचं आहे. म्हणजे फाइल तर माझी झालीच, वर पातेलंही माझ्याच घरचं येणार हे मला तेव्हाच कळलं.

माझी आई तेउरा इथल्याच एका कोळ्याची मुलगी. बाबा आर्सेन चिनी दुकानदाराचा मुलगा. बाबांच्या आईला आम्ही आपो म्हणतो, हक्का चिन्यांत आजीला तेच म्हणतात. आपोला ही सून नको होती. लग्नाच्या दिवशी तिने दुकान उघडं ठेवलं आणि नेहमीसारखी साखर तोलत बसली. त्यानंतर सात वर्षं ती आईशी थेट एक शब्द बोलली नाही. एकच घर, एकच चूल, आणि मध्ये बाबा. "आर्सेन, तिला सांग, गिऱ्हाईक आलंय." "आर्सेन, तुझ्या आईला सांग, मी तिकडेच चाललेय." पुढे मी झाले, माझा भाऊ झाला, पोरांच्या आजारपणात कुणाला निरोप्या शोधायला वेळ नसतो, तेव्हा हळूहळू त्या दोघी बोलू लागल्या. पण जेवणाबद्दल आपो बोलली नाही ती नाहीच.

आई दर रविवारी तिच्यासाठी माआ तिनितो करायची. लग्नानंतरच्या पहिल्या रविवारपासून. आपो खाली बघून जेवायची, वाटी शेवटच्या दाण्यापर्यंत रिकामी करायची, स्वतः विसळून पालथी घालायची आणि निघून जायची. चांगलं झालंय नाही, बिघडलंय नाही. आई माझ्याकडे बघून म्हणायची, "यांच्या देशाचं जेवण, यांच्यासारखं माझ्या हातून कुठलं व्हायला." सहा वर्षांपूर्वी बाबा गेले. रविवार तसाच चालू राहिला. आईला तिच्याकडून दागिने नको होते की दुकान नको होतं. बरं झालंय, एवढे दोन शब्द हवे होते.

इकडे नगरपालिकेत समिती बसली. संस्कृतीचे प्रमुख म्हणून तिहोती गुरुजी. निवृत्त मास्तर, कमरेला पारेउचं फुलाफुलांचं कापड, कानामागे फूल, आवाज शाळेच्या मैदानावरचा. त्यांनी पहिल्याच बैठकीत विचारलं की आपले पूर्वज होडीतून मॅकरोनी घेऊन आले होते का. तावाना म्हणाले, लिंबू तरी कुठे आणलं होतं? यावर गुरुजी दोन बैठका रागावून आले नाहीत. ते रोज सकाळी पावाची लांब कांडी कॉफीत बुडवून खातात हे सगळ्या गावाला माहीत आहे, पण ती गोष्ट इतिवृत्तात घ्यायची नसते.

पापीतेच्या चिनी मंडळाकडून एदमाँ नावाचे गृहस्थ आले. अंगात ड्रॅगन काढलेला रेशमी कोट आणि कपाळावर घाम. ते म्हणाले, आमची संस्कृती हजारो वर्षांची, तिच्या गळ्यात कृपा करून राजमा बांधू नका. पुढच्या बैठकीआधी त्यांना कुठूनतरी कळलं की समारंभाला मंत्री येणार आहेत आणि वर्तमानपत्रात फोटो येणार आहे. मग त्यांना राजम्याचं चिनी परंपरेशी दूरचं का होईना, नातं दिसायला लागलं. मंत्री येणार नाहीत असं ठरलं तेव्हा ते नातं पुन्हा तुटलं.

मग राजमा डब्यातला की सुका, यावर भांडण. डब्यातलावाल्यांचं म्हणणं, डबा हीच परंपरा, आमच्या आयांनी डबेच फोडले. मॅकरोनी की शेवया, यावर दुसरं भांडण. एक माणूस तर म्हणाला की शेवया घालणारे मूळचे आपल्या गावचे नव्हेतच. मी सगळं लिहून घेत होते. या लोकांनी रस्त्यातल्या खड्ड्यांवर कधी एवढा वेळ दिला नव्हता.

शेवटी गुरुजी आणि एदमाँ यांचं एकाच गोष्टीवर एकमत झालं, की कुणीतरी खराखुरा चिनी माणूस बसवा आणि त्याला चव घेऊन सांगू द्या. चीनमध्ये जन्मलेला आणि तिथलं अन्न खाऊन वाढलेला. अख्ख्या गावात असं एकच माणूस शिल्लक होतं. एकोणनव्वद वर्षांची आपो.

फाइलला साक्षीदाराच्या ओळखपत्राची प्रत लागते. ती बघून तावानांचा चेहरा उतरला. त्र्याहत्तर साली फ्रेंच सरकारने आम्हा चिन्यांना नागरिकत्व दिलं तेव्हा नावंही धुऊन दिली. लो फाँगचं लाफाँ झालं. आपोला जोसेफीन हे नाव मिळालं, जे तिला आजतागायत उच्चारता येत नाही. म्हणजे कागदावर अस्सल चिनी साक्षीदार कोण, तर मादाम जोसेफीन लाफाँ.

"यात चिनी कुठेच दिसत नाही," तावाना म्हणाले.

"फोटोत दिसते," मी म्हणाले.

त्यांनी फोटो मोठा करून जोडायला सांगितला.

मी घरी येऊन आईला ही बातमी दिली. तिने हातातला चाकू खाली ठेवला आणि विचारलं, "म्हणजे त्यांना बोलावंच लागेल?" मी म्हटलं, बोलावं लागेल, खाली अंगठा द्यावा लागेल. मसुद्यात वाक्यच तसं होतं, 'हा पदार्थ अस्सल आहे असे मी प्रमाणित करते.' ते वाक्य तिने माझ्याकडून तीनदा वाचून घेतलं. मग आठवडाभर तिचं पाऊल जमिनीवर नव्हतं. डब्याचा राजमा बाजूला ठेवून तिने सुका भिजवला. मांसासाठी पहाटे स्वतः बाजारात गेली. पातेलं इतकं घासलं की त्यात तिचं तोंड दिसायला लागलं. मला तिची दया येत होती आणि थोडी भीतीही वाटत होती. सत्तरीच्या उंबरठ्यावरची बाई, आणि सासूच्या दोन शब्दांसाठी नव्या नवरीसारखी नटलेली.

शनिवारी सकाळी खेळाच्या हॉलमध्ये कार्यक्रम होता. फुलांच्या माळा, युकुलेले, प्लॅस्टिकच्या खुर्च्या, झाडून सगळं गाव. मधल्या टेबलाशी आपो बसली. करडी विजार, गळ्यापर्यंत बटणं लावलेला सदरा, काळे कापडी बूट. आईने वाटी भरून तिच्यापुढे ठेवली आणि तिथेच उभी राहिली. आपो जेवायला लागली. तिला घाई नव्हती. दोनशे माणसं एका म्हातारीला राजमा खाताना बघत होती आणि कुणी खोकतसुद्धा नव्हतं. तिने शेवटचा दाणा काठावरून ओढून खाल्ला, चमचा ठेवला आणि तोंड पुसलं.

"हे चिनी नाही," ती म्हणाली.

तिची ताहिती भाषा दुकानातली. छोटी वाक्यं, भाव सांगितल्यासारखी. न समजायला जागाच नसते.

तावाना हसले. "आपो, अहो नावातच चिनी आहे."

"नाव तुम्ही ठेवलंत. मी अठरा वर्षं चीनमध्ये जेवले. तिथे हे कुणी खात नाही."

"मग आहे कुणाचं?"

आपोने चमचा उचलून आईकडे दाखवला. "यांचं. हिच्या माणसांचं."

तिहोती गुरुजी उठून उभे राहिले आणि म्हणाले की आमचं असणं शक्यच नाही. एदमाँ म्हणाले, बघा, मी पहिल्या दिवसापासून हेच सांगत होतो. मग सगळे एकदम बोलायला लागले. नाव सोनुबाई आणि हाती कथलाचा वाळा, अशी त्या पदार्थाची गत झाली. एदमाँ त्याला इकडे ढकलत होते, गुरुजी तिकडे. मी आईकडे पाहिलं. तिने पातेल्यावर झाकण ठेवलं, त्याच्या दोन्ही कानांना फडकं लावलं आणि कुणाकडे न बघता ते उचलून चालत घरी गेली.

समिती आणखी दोन तास बसली. त्या फाइलीत 'मूळ' या रकान्यापुढे 'संशोधन चालू' असं लिहायचं ठरलं. अजून चालू आहे.

मी आपोला घेऊन घरी आले तेव्हा आई मागच्या ओट्यावर ते स्वच्छ पातेलं पुन्हा घासत होती. उरलेलं तिने एका डब्यात काढून ठेवलं होतं. आपो तिच्या वेताच्या खुर्चीत बसली. मी दोघींच्या मध्ये उभी राहिले, जिथे पूर्वी बाबा उभे राहायचे. पण आईला आज मध्ये कुणी नको होतं.

"त्रेचाळीस वर्षं," ती म्हणाली. "दर रविवारी. तुमच्यासाठी. आणि आज सगळ्या गावापुढे म्हणालात, आमचं नाही."

"नाहीच आमचं."

"मग खाल्लंत कशाला?"

आपोला प्रश्नच कळला नाही. "तू वाढत होतीस म्हणून. तुमच्यातला मानाचा पदार्थ. सून चिनी घरात आली की आमचं नाव घालून करतात, सासूला वाढतात. ती नाही जेवली तर सुनेच्या आईबापाचा अपमान. लग्नात मी जे वागले ते वागले. पण तुझ्या मेलेल्या बापाचा अपमान कसा करू?"

"असली काही रीत नाही आमच्यात," आई म्हणाली. "कुणी सांगितली तुम्हाला?"

"आर्सेनने."

आईने हातातला काथ्या खाली ठेवला. "मला म्हणाला, आईला हेच लागतं. दुसरं काही तिच्या घशाखाली उतरत नाही. हे खाल्लं की तिला तिचं गाव आठवतं. म्हणाला, तू फक्त करत राहा, ती तोंडाने बोलायची नाही, पण बघ एक दिवस."

मला बाबांचे रविवार आठवले. बनियन घालून टेबलाच्या टोकाला बसलेले बाबा. तीन वाट्या, चौथी अर्धी, मग पावाच्या तुकड्याने पुसलेलं पातेलं. लहानपणी ते बंदरावर हमालांच्या गाडीवर माआ तिनितो खायचे, आपोने घरी करायला साफ नकार दिला म्हणून. हे ते मला स्वतः सांगायचे, हसत हसत, आणि मी मूर्ख, कधी दोन आणि दोन चार केले नाहीत. सात वर्षं दोघींचे निरोप वाहिले त्यांनी. आपली हमाली त्यांनी परस्पर वसूल करून घेतली होती. मला त्यांचा इतका राग आला, आणि ते त्या क्षणी तिथे असायला हवे होते असं इतकं वाटलं, की दोन्हीतलं आधी काय वाटलं ते सांगता येणार नाही.

आपो विचार करत होती. मग तिने आईला विचारलं, "तुला तरी आवडतं का?"

"मला? राजम्याने माझं पोट रात्रभर धरतं."

"माझं सोमवारपर्यंत," आपो म्हणाली.

मी हसले. दोघींनी माझ्याकडे असं पाहिलं की मी गप्प झाले. खरं म्हणजे त्या घरात आता तो पदार्थ मनापासून आवडणारी मी एकटीच उरले होते, अर्धी इकडची आणि अर्धी तिकडची. पण ते सांगायची ती वेळ नव्हती आणि समितीनेही मला कधी विचारलं नव्हतं.

"आर्सेन गेल्यावर तरी थांबवायचं," आई म्हणाली.

"तू थांबली नाहीस."

"तुमच्यासाठी थांबले नाही. तुमचा मुलगा गेला, आता जेवणही तोडू का, म्हणून."

"मला वाटलं, नवरा गेला, आता तिचा मानही मोडू का."

आईने पातेलं खाली ठेवलं. तिचा आवाज बदलला, तो भांडणाचा राहिला नाही. "एकदा तरी काही म्हणायचं होतंत. चांगलं नाही तर वाईट म्हणायचं. शिव्या द्यायच्या. मी भांडी घासताना रडायचे, आपो. तुम्ही वाटी पालथी घालून निघून जायचात आणि मी रडायचे."

आपो आपल्या हातांकडे बघत बसली. ती कधी कुणाची समजूत काढत नाही, तिला ते येतही नाही. "दुसऱ्यांच्या अन्नाला नावं ठेवू नयेत," ती म्हणाली. "खोटी स्तुतीही करू नये. वाटी रिकामी करावी. माझ्या आईने मला बोटीत बसवताना एवढंच सांगितलं. परक्यांत चालली आहेस, वाटीत दाणा ठेवू नकोस." मग ती आईकडे वळली. "त्रेचाळीस वर्षांत मी दाणा ठेवला नाही, तेउरा."

आईने ओले हात पारेउला पुसले, आपोच्या शेजारी पायरीवर बसली. मी आत जाऊन चहा ठेवला.

दुसऱ्या दिवशी रविवार. आईने डब्यातलं माआ तिनितो गरम केलं आणि एकाच वाटीत काढलं. भरगच्च, बाबांना आवडायची तशी. आपो काठी टेकत उठली, ती वाटी तिने स्वतः नेऊन बाबांच्या फोटोपुढे ठेवली, उदबत्ती लावली आणि म्हणाली, "घे. आता तू एकटा खा."

"चमचा द्या त्याला," आई मागून म्हणाली, "नाहीतर पुन्हा कुणाला तरी फसवून मागवील."

मग आम्ही तिघी जेवायला बसलो. आईने तिच्या माहेरचं केलं होतं. नारळाच्या दुधातला कुपा मासा आणि भाजलेला नीरफणस. लग्न झाल्यापासून या टेबलावर रविवारी तिने पहिल्यांदाच स्वतःला आवडणारं काही ठेवलं होतं. आपोने माशाचा तुकडा तोंडात घातला. चावला. थांबली. मान वर करून तिने सरळ आईकडे पाहिलं.

"मीठ कमी आहे," ती म्हणाली.

आईचा हात ताटावरच थांबला. मला वाटलं, झालं, आता पुन्हा पेटणार. पण आई उठून आत गेली. मिठाची बरणी फळीवर समोरच असते, तरी तिला ती सापडायला फार वेळ लागला. बाहेर आली तेव्हा नाक लाल झालं होतं आणि डोळे पुसूनही ओलेच होते. तिने बरणी आपोच्या पुढ्यात दाणकन आदळली.

"मग आधी सांगायचं ना," ती म्हणाली.